घोटलेले आलू आणि पालेभाजी: वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

मागच्या अंकात घोटलेल्या आलूत (पुण्या-मुंबईकडच्या वाचकांचा बटाटा) पालेभाजी मिसळून करायच्या पदार्थाची कृती दिली होती. चौघांपुरती ती अशी: अर्धा किलो आलू, म्हणजे मध्यम आकाराचे पाच. निवडलेला पालक पाव किलो. दोन मोठे चमचे लोणी किंवा तूप, अर्धी वाटी गरम दूध, चार-पाच लसणाच्या पाकळ्या, एक लहान चमचा मीठ. आलू उकडायचे, पालक वेगळा उकळून पिळायचा, लसूण लोण्यात परतायचा आणि सगळं गरम असतानाच एकत्र घोटायचं. कृती एवढीच. पण आलेल्या पत्रांवरून दिसतं की पदार्थ बिघडतो तो दोनच ठिकाणी: आलू घोटताना आणि पाल्याचं पाणी काढताना. म्हणून त्या दोन प्रश्नांना आम्ही जास्त जागा दिली आहे.

आलू उकडून मिक्सरमधून काढले. दोन मिनिटांत डिंकासारखा चिकट लगदा झाला, चमच्याला तार सुटत होती. आलू खराब होते का?
एक गृहिणी, आर्वी (जि. वर्धा)

ताई, आलूत दोष नव्हता, मिक्सरनं घात केला. आलूच्या गरात लहान लहान पेशी असतात आणि प्रत्येक पेशीत पिठूळ स्टार्च भरलेला असतो. आलू शिजतो तेव्हा हा स्टार्च पाणी पिऊन फुगतो, पण पेशीच्या आतच राहतो. हलक्या हातानं कुस्करलं तर पेशी एकमेकींपासून सुट्या होतात, फुटत नाहीत. म्हणून हातानं घोटलेला आलू मऊ आणि मोकळा लागतो. मिक्सरचं पातं मिनिटाला हजारो फेरे घेतं. ते पेशी चिरून टाकतं, फुगलेला स्टार्च बाहेर येतो आणि त्याची खळ होते. कापडाला लावायची खळ आणि तुमच्या भांड्यातला लगदा, दोन्ही एकाच जातीचे.

घोटायला लाकडी घोटणी किंवा पावभाजीचा मॅशर घ्या. वरून खाली दाबायचं, गोल गोल फिरवायचं नाही. वरण घोटताना घोटणी दोन तळव्यांत धरून घुसळायची जी सवय असते, ती इथे सोडावी लागते. अगदी गुळगुळीत हवं असेल तर गरम आलू पुरणाच्या चाळणीतून किंवा पुरणयंत्रातून एकदाच काढा. त्यात आलू दाबला जातो, चिरला जात नाही.

आणि आलू गरमच हवा. चुलीवरून उतरवल्यावर पाच मिनिटांच्या आत साल काढून घोटायला घ्या. हात भाजत असेल तर आलू फडक्यात धरा, पण थंड पाण्यात टाकू नका. थंड झाला की आतला स्टार्च घट्ट होतो, गुठळ्या राहतात, त्या मोडायला जोर लावावा लागतो आणि जोर लावला की पुन्हा चिकटपणा.

घालायचा क्रमही सांभाळा. आधी लोणी किंवा तूप, ते मुरलं की गरम दूध, तेही दोन-दोन चमचे. तुपाचा पातळ लेप बसला की स्टार्च दूध भराभरा ओढून घेत नाही आणि घोटा हलका राहतो. दूध थंड घातलं तर आलू लगेच बसतो.

चिकट झालेला लगदा पुन्हा मोकळा होत नाही. त्यात वाटीभर ज्वारीचं पीठ, तीळ, ओवा, सांबार (म्हणजे कोथिंबीर) आणि तिखट-मीठ घालून थालीपीठ थापा. तो चिकटपणाच तिथे कामाला येतो, थालीपीठ तुटत नाही.

आठवडी बाजारात आलू घेताना काय पाहायचं? एका आठवड्याचा घोटा छान होतो, पुढच्या आठवड्याचा पाणचट.
एक वाचक, दारव्हा तालुका (जि. यवतमाळ)

आलूत मोटामोटी दोन स्वभाव असतात. एक पिठूळ: उकडला की फुटतो, भुरभुरतो. दुसरा चिवट: उकडूनही फोडी जशाच्या तशा राहतात. घोट्याला पिठूळ हवा, रस्सा भाजीला चिवट. कुफरी पुखराज हा पिवळसर गराचा आलू पाणीदार असतो, कुफरी चिपसोनात पीठ जास्त. ही नावं हिमाचलातल्या कुफरीवरून आली आहेत. केंद्रीय बटाटा संशोधन संस्था सिमल्याची, आणि तिच्या वाणांच्या नावाआधी कुफरी लागतं. पण बाजारात पोत्यावर वाण लिहिलेला नसतो, विकणाऱ्यालाही बहुतेकदा ठाऊक नसतो.

म्हणून घरीच पारख करा. एक लिटर पाण्यात सहा सपाट मोठे चमचे मीठ, म्हणजे सुमारे ११० ग्रॅम, पूर्ण विरघळवा. त्यात न सोललेला अख्खा आलू सोडा. बुडाला तर पिठूळ, तरंगला तर पाणीदार. पीठ जास्त म्हणजे वजन जास्त, एवढाच त्यातला हिशेब. पोतं घ्यायच्या आधी दोन-तीन आलू आणून ही परीक्षा करावी, पैसे वाचतात.

पातळ सालीचा, नखानं साल निघणारा नवा आलू घोट्याला टाळा. तो पाणीदार असतो. घरी आणलेला आलू फ्रिजमध्ये ठेवू नका. फार थंडीत त्यातल्या स्टार्चची साखर होते आणि घोटा गोडसर लागतो. थंड शीतगृहातून आलेला आलू गोड लागला तर आठ-पंधरा दिवस घरातल्या अंधाऱ्या, हवेशीर कोपऱ्यात पसरून ठेवा, गोडी बरीच उतरते. कांद्याच्या ढिगाशेजारी मात्र नको, दोन्ही लवकर खराब होतात.

हिरवट डाग पडलेला आलू दिसला तर हिरवा भाग जाड कापून टाका आणि कोंबही खोलवर खणून काढा. सगळाच हिरवा असेल किंवा शिजवल्यावर कडू लागला तर फेकून द्या. त्यातलं विषारी द्रव्य उकडून जात नाही.

पालक घातला की ताटात घोट्याभोवती हिरवं पाणी साचतं. पालक पिळूनच घालते, तरी असं का?
एक वाचक, वरुड तालुका (जि. अमरावती)

पिळण्याआधी आणि पिळल्यानंतर, दोन्हीकडे थोडं चुकत असावं.

आधी पाण्याकडे पाहू. दोन लिटर पाणी खळखळून उकळू द्या, त्यात एक चमचा मीठ. पाव किलो पालक एकदम टाका, झाकण ठेवू नका, दीड ते दोन मिनिटांत काढा. झाकण ठेवलं तर पाल्यातून निघणारं आम्ल वाफेसोबत बाहेर जात नाही, ते पाण्यातच राहून पालकाचा रंग शेवाळी करतं. रंगासाठी सोडा घालणाऱ्यांना आमचं आर्जव आहे की घालू नका. रंग टिकतो, पण पान गळून लिबलिबीत होतं आणि जीवनसत्त्वंही जातात.

पालक चाळणीत काढून लगेच थंड पाण्यात बुडवा, मग दोन्ही तळव्यांत दाबून पिळा. आता खरी गोम. पिळलेला गोळा सुरीनं बारीक चिरा आणि पुन्हा एकदा पिळा. अख्ख्या पानांच्या घड्यांत पाणी अडकलेलं असतं, चिरल्यावरच ते सुटतं. पाव किलो पालकाचा शेवटी जेमतेम एक लहान वाटी गोळा उरायला हवा. जास्त उरला तर समजा पाणी आहे. मग हा चिरलेला पालक लसणाच्या लोण्यात दोन मिनिटं परता, कढईतली वाफ थांबेपर्यंत.

आलूचंही पाणी असतंच. अख्खे, सालासकट उकडले तर कमी मुरतं. कुकरमध्ये तीन शिट्ट्या, मग मंद आचेवर पाच मिनिटं आणि वाफ आपोआप जिरू द्या. फोडी करून गंजात (पातेल्यात) उकडत असाल तर थंड पाण्यापासून सुरुवात करा. उकळत्या पाण्यात टाकल्या तर बाहेरून फुटतात आणि आत दाठर राहतात. पाणी ओतून दिल्यावर गंज पुन्हा मंद आचेवर ठेवून मिनिट-दीड मिनिट हलवत राहा. फोडींवर पांढरट पीठ दिसू लागलं की त्या कोरड्या झाल्या. हे दीड मिनिट बहुतेक जण वाचवतात आणि तिथेच पदार्थ बिघडवतात.

सगळ्या पालेभाज्यांना हीच रीत नाही, हेही इथेच सांगतो. मेथी उकळू नका, तिचा स्वाद पाण्यात जातो. चिरून चिमूटभर मीठ चोळा, दहा मिनिटांनी पिळा म्हणजे थोडा कडूपणा निघतो, मग तेलात चार मिनिटं परता. अर्धा किलो आलूला मेथी दीडशे ग्रॅमच पुरे. चवळई किंवा माठ असेल तर देठ वेगळे करून आधी टाका, पानं मागून. शेपूचा वास उग्र, मूठभरच घ्या आणि तीही पालकाच्या जोडीला. कांद्याची पात बारीक चिरून त्या अर्ध्या वाटी दुधातच पाच मिनिटं मंद उकळा आणि दुधासकट आलूत घाला. तिला पिळावं लागत नाही.

आमच्या बोअरच्या पाण्यात आलू अर्धा तास उकळूनही मधे कडक राहतो. त्यात दोन टमाटर टाकले तर आणखीच वेळ लागला.
एक शेतकरी, मंगरूळपीर तालुका (जि. वाशिम)

दादा, दोन्हीमागे कारण एकच आहे. आलूच्या पेशींना जोडून ठेवणारा पेक्टिन नावाचा पदार्थ असतो. तो विरघळला की आलू मऊ होतो. जड पाण्यातलं कॅल्शियम या पेक्टिनला आणखी घट्ट करतं. आंबट पाण्यातही ते सहजी विरघळत नाही. टमाटर, चिंच, चुका, अंबाडी, कच्ची कैरी यातलं काहीही आलूबरोबर पहिल्यापासून टाकलं तर आलू दाठरच राहणार.

प्यायचं गोडं पाणी मिळत असेल तर उकडायला तेच वापरा. अर्धा किलोला लिटरभर पुरतं. नसेल तर आलू पाण्यात बुडवूच नका: कुकरमध्ये तळाशी पाणी, वर जाळीच्या भांड्यात आलू, आणि वाफेवर चार शिट्ट्या. पाणी लागलंच नाही तर त्याचा जडपणा कुठून लागणार? टमाटर वेगळा परतून अगदी शेवटी मिसळा.

अंबाडी घालून करून पाहिलं, दूध फाटलं. चुक्याचंही तसंच झालं. आंबट भाज्या यात चालतच नाहीत का?
एक वाचक, मूर्तिजापूर तालुका (जि. अकोला)

चालतात, आणि आमच्या मते आलूला सगळ्यात जास्त शोभते ती अंबाडीच. आलूचा सपकपणा तिच्या आंबटपणानं मोडतो. फक्त दूध वगळा. आंबट पडलं की दूध फाटणारच, गरम असेल तर लगेच.

पाव किलो अंबाडीची पानं, देठं काढून, उकळत्या पाण्यात पाच मिनिटं. पाणी ओतून द्या, पिळा, बारीक चिरा. दोन मोठे चमचे फल्लीचं (शेंगदाण्याचं) तेल, मोहरी, सात-आठ ठेचलेल्या लसणाच्या पाकळ्या, दोन सुक्या मिरच्या. लसूण तांबूस झाला की अंबाडी टाकून तीन मिनिटं परता. मग त्यात कोरडा केलेला घोटलेला आलू. दुधाऐवजी आलू उकडलेलं पाणी तीन-चार चमचे, तेही गरम, आणि ते जड नसेल तरच. घरात घाण्याचं जवसाचं तेल असेल तर फोडणीत न जाळता वाढताना वरून एक चमचा सोडा. अंबाडी फार आंबट वाटली तर पानं कमी करा, गूळ घालून चव झाकू नका. अंबाडी आणि पालक निम्मे-निम्मे घेतले तरी छान जमतं.

चुका उकळायची गरज नाही, तेलात टाकला की दोन मिनिटांत विरघळतो. हिवाळ्यात हरभऱ्याचा कोवळा पाला खुडता तोही आंबूसच असतो. त्यालाही दूध नको.

भांडं मात्र स्टीलचं किंवा मातीचं घ्या. लोखंडी कढईत आंबट भाजी काळी पडते, ॲल्युमिनियमच्या गंजालाही आंबट खातं.

उकडलेला आलू थोड्या वेळानं करडा-निळसर पडतो. खावा का?
एक वाचक, रामटेक तालुका (जि. नागपूर)

खायला हरकत नाही. आलूतलं लोह आणि त्यातलंच एक आम्लद्रव्य यांची शिजल्यावर हवेशी गाठ पडली की हा रंग येतो. लोखंडी भांड्यात जास्त येतो. उकडून होत आल्यावर, शेवटच्या पाच मिनिटांत, पाण्यात अर्ध्या लिंबाचा रस पिळा. आधी पिळलात तर वर सांगितल्याप्रमाणे आलू दाठर राहील.

आमच्याकडे उन्हाळ्यात चिवळ आणि पहिल्या पावसानंतर तरोटा भरपूर. या रानभाज्या आलूत घालता येतील? कपाशीच्या शेतातून खुडून आणतो.
एक वाचक, राळेगाव तालुका (जि. यवतमाळ)

भाज्या उत्तम, पण खुडायची जागा आधी बदला. कपाशीवर कीडनाशकाची फवारणी होते, ओळींमधल्या तणावर तणनाशक मारतात, आणि चिवळ-तरोटा त्या तणातच येतात. काही औषधं पानाच्या आत शोषली जातात, ती कितीही पाण्यांत धुतली तरी निघत नाहीत. मिठाच्या पाण्यानंही नाही. २०१७ साली याच यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं शेतकरी आणि शेतमजूर दगावले. त्या औषधांना हलकं समजण्याची सोय आपल्याला नाही. फवारणी झालेल्या शेतातली, त्याच्या धुऱ्यावरची (बांधावरची) आणि शेतातलं पाणी उतरतं त्या नालीकाठची भाजी खुडू नका. परसातली, पडीत जागेतली, जिथे फवारा गेला नाही हे तुम्हाला स्वतःला ठाऊक आहे तिथलीच घ्या. रस्त्याच्या अगदी कडेची नको.

आता कृती. चिवळ जमिनीसरपट वाढते, त्यामुळे तिच्यात रेती फार. पसरट भांड्यात भरपूर पाणी घेऊन भाजी बुडवा, हातानं हलवा आणि भाजी वर उचलून घ्या. भांडं कलतं करून पाणी ओतलं तर खाली बसलेली रेती परत भाजीवरच येते. तळाशी रेतीचा कणही दिसेनासा होईपर्यंत असं चार-पाच पाण्यांत करा. मुळं खुडून टाका. चिवळीचं पान जाडसर, रसाळ आणि किंचित आंबट. तिला उकळू नका, जिरं-लसणाच्या फोडणीत झाकण न ठेवता परता, पाणी आटेपर्यंत. पाव किलोला सात-आठ मिनिटं लागतात.

तरोट्याचे शेंडे कोवळेच घ्या, दोन-चार पानांचे. जून पान चोथट आणि उग्र लागतं. उकळत्या पाण्यात पाच-सहा मिनिटं, ते पाणी फेकून द्या, पिळा, चिरा आणि भरपूर कांदा घालून परता. आलू अर्धा किलो असेल तर तरोटा दीडशे ग्रॅम.

चुलीच्या निखाऱ्यात आलू भाजून घोटले तर?
एक वाचक, मेहकर तालुका (जि. बुलढाणा)

उकडण्याहून सरस होतात. पाणी मुरतच नाही, उलट आतलं थोडं उडून जातं आणि आलू पिठूळ निघतो. चूल असलेल्या घरांनी हेच करावं असं आमचं ठाम मत आहे.

लिंबाएवढे ते अंड्याएवढे, सगळे एका मापाचे आलू निवडा. धुऊन पुसून कोरडे करा आणि प्रत्येकाला काट्यानं किंवा सुईनं दोन-तीन भोकं पाडा, नाहीतर आतली वाफ कोंडून आलू फुटतो. पऱ्हाटी आणि तुराटीचा (कपाशीच्या आणि तुरीच्या वाळल्या काड्यांचा) जाळ पटकन ओसरतो, त्यामुळे वांग्याच्या भरताला ती चांगली. आलूला संथ धग लागते. बाभळीच्या लाकडाचे निखारे घ्या, त्यावर दोन बोटं गरम राख पसरा, आलू ठेवा, वर पुन्हा राख आणि थोडे निखारे. पस्तीस ते पंचेचाळीस मिनिटं, मधे एकदा फिरवायचे. सुई आरपार बिनअडथळा गेली की काढा. रंगवलेल्या किंवा पॉलिश केलेल्या लाकडाचा आणि प्लॅस्टिकचा जाळ यासाठी कधीही वापरू नये.

साल काढताना करपलेला भाग काढून टाका. या आलूत दूध न घालता कांद्याची पात, हिरवी मिरची, सांबार आणि फल्लीचं तेल घाला. भाकरीबरोबर दुसरं काही लागत नाही.

बाहेरच्या देशांतही आलू-पालेभाजी अशी घोटून खातात, असं मुलगा सांगतो. खरं का?
एक वाचक, पवनी तालुका (जि. भंडारा)

खरं आहे. आयर्लंडमध्ये घोटलेल्या आलूत केल नावाची पालेभाजी किंवा पत्ताकोबी मिसळतात, मधे खळगा करून त्यात लोणी ठेवतात. त्याला कोलकॅनन म्हणतात. नेदरलँड्समध्ये स्टॅम्पॉट करतात. त्यातल्या एका प्रकारात एंडाइव्ह ही किंचित कडवट भाजी बारीक चिरून कच्चीच गरम आलूत घालतात, ती आलूच्या धगीनं नरमते. हे आपल्याला घेण्यासारखं आहे: मेथीची अगदी कोवळी पानं, स्वच्छ धुऊन, पुसून, बारीक चिरून वाफाळत्या आलूत घाला. मूठभरच. कडूपणा हलका राहतो आणि वास ताजा. केल आपल्या बाजारात नसली तरी काही अडत नाही, पत्ताकोबीची बाहेरची हिरवी पानं बारीक चिरून आठ मिनिटं उकळलेली चालतात.

पंचवीस बायांचं निंदण आहे. दुपारच्या डब्यात हे द्यायचं म्हणते. किती आणि कसं करू? सकाळी आठला शेतात जायचं, जेवण एक वाजता.
एक वाचक, समुद्रपूर तालुका (जि. वर्धा)

ताई, माप आधी: सव्वातीन किलो आलू, निवडलेली भाजी दीड किलो (मेथी असेल तर किलोभरच पुरे; पालक असेल तर बाजारातून अडीच किलो आणा, देठं-मुळं जातात), फल्लीचं तेल सव्वा वाटी, लसूण शंभर ग्रॅम, मीठ आधी दोन सपाट मोठे चमचे आणि मग चवीनं. भाकरीबरोबर हे पंचवीस जणींना नीट पुरतं. पाच लिटरच्या कुकरमध्ये एका वेळी दीड किलोच आलू घाला, ठासून भरले तर वरचे कच्चे राहतात.

पण सकाळी सातला घोटलेलं एक वाजता वाढू नका. ओलसर, कोमट, घोटलेला आलू पावसाळी उकाड्यात आंबायला तीन-चार तास पुरतात, दूध घातलेला त्याहून लवकर. आमचा नियम: घोटल्यापासून दोन तासांत खाऊन संपवायचा, उन्हाळ्यात तासाभरात.

तुमच्यासाठी सोपा मार्ग आहे. आलू सालासकट उकडून, कोरडे करून, न सोलता टोपलीत फडक्यात बांधून न्या. मेथी अगदी कोरडी परतून घ्या, दूध-पाणी काही नको, आणि वेगळ्या डब्यात भरा. लसूण-तिखटाचा भुरका तिसऱ्या डब्यात. जेवायच्या वेळी आलू सोलून परातीत जाडसर कुस्करा, मेथी आणि भुरका मिसळा. थंड आलू गुळगुळीत होणार नाही, तसा करायला जाऊही नका. दाण्याएवढे तुकडे राहिलेलेच शेतात चांगले लागतात. डबा उघडल्यावर आंबूस वास किंवा बुळबुळीतपणा जाणवला तर तो कुणाला वाढू नका.

घरात एकाला शुगर आहे आणि एकाला मुतखडा. दोघांना हे चालेल?
एक वाचक, पुसद तालुका (जि. यवतमाळ)

घोटलेल्या आलूची साखर रक्तात लवकर चढते. त्यामुळे शुगर असलेल्यानं तो भाकरीसोबत जादा म्हणून नव्हे, भाकरीच्या वाट्यातून घ्यावा. दीडशे ग्रॅम आलू म्हणजे साधारण एक लहान ज्वारीची भाकर. प्रमाण उलटं करा: आलू एक भाग, पालेभाजी दोन भाग, सोबत घट्ट वरण. खाल्ल्यानंतर दोन तासांनी साखर मोजून पाहा, आपल्याला किती चालतं ते तिथेच कळतं.

मुतखड्याला अडचण आलूची नाही, पाल्याची आहे. पालक, चुका, चवळई, घोळ, चिवळ यांत ऑक्झलेट जास्त असतं. ऑक्झलेटचा खडा असेल तर या टाळाव्यात, खायच्याच झाल्या तर उकळून पाणी फेकून, थोड्या, आणि जेवणात दही-ताक ठेवून. मेथी किंवा पत्ताकोबी त्यापेक्षा बरी. खडा कोणत्या जातीचा आहे हे डॉक्टरांना विचारून घ्या, सगळ्या खड्यांना एकच पथ्य नसतं. मूत्रपिंडच कमजोर असेल तर आलूतल्या पोटॅशियमचाही प्रश्न येतो. तिथे आमच्या कृतीपेक्षा डॉक्टरांचा शब्द मोठा.

सात महिन्यांच्या बाळाला देता येईल का?
एक आई, कुरखेडा तालुका (जि. गडचिरोली)

देता येईल. आलू आणि नीट शिजवलेला, देठ काढलेला पाला चाळणीतून काढा, आईच्या दुधानं सैल करा, तूप पाव चमचा. मीठ, तिखट, लसणाची फोडणी नको. सुरुवात दोन चमच्यांनी. त्या वेळचं त्याच वेळी करा. बाळासाठी शिजवलेला पालक ठेवून पुन्हा गरम करून देऊ नये.

रात्रीचं उरलं तर सकाळी काय करावं?
एक वाचक, सिंदेवाही तालुका (जि. चंद्रपूर)

फ्रिज असेल आणि जेवण झाल्यावर लगेच आत ठेवलं असेल, तरच ठेवा. बाहेर राहिलेलं सकाळी खाऊ नये. थंड घोटा पुन्हा घोटत बसू नका, तो मोकळा होत नाही. दोन चमचे डाळ्याचं पीठ, बारीक चिरलेला कांदा आणि सांबार घालून त्याच्या बोटभर जाडीच्या टिकल्या करा. तवा चांगला तापू द्या, चमचाभर तेल सोडा, टिकली ठेवल्यावर चार मिनिटं हात लावू नका. खालची बाजू खरपूस धरली की ती तवा आपोआप सोडते, घाईनं सराटा घातला तर निम्मी टिकली तव्यालाच राहते. उलटून आणखी तीन मिनिटं, मधला भागही वाफाळता गरम होईपर्यंत.